विदूषकाच्या उमेदवारीचा खर्च

विल्यम बॉमोल आणि विल्यम बोवेन या दोन अमेरिकन अर्थशास्त्रज्ञांनी १९६६ साली रंगमंचीय कलांच्या अर्थव्यवहारावर एक ग्रंथ लिहिला. त्यातील मुख्य प्रमेय अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांना परिचित आहे. कारखान्यातील कामगाराची उत्पादकता यंत्रामुळे वर्षानुवर्षे वाढत जाते. परंतु चार वादकांनी मिळून वाजवावयाच्या रचनेस दोनशे वर्षांपूर्वी जेवढी माणसे आणि जेवढी मिनिटे लागत, तेवढीच आजही लागतात. वेतन मात्र इतर क्षेत्रांच्या बरोबरीने वाढवावेच लागते. त्यामुळे कलेचा खर्च चढत राहतो आणि तिकीटविक्रीतून तो भरून निघत नाही. हे प्रमेय वर्गात सांगत असता मागच्या बाकावरील एका विद्यार्थ्याने हात वर केला. ‘‘सर, एकट्या माणसाने माईकसमोर उभे राहून लोकांना हसवायचे असेल, तर त्याला हा नियम कसा लागू होणार? ना नेपथ्य, ना वादक, ना सामानाचा टेम्पो.’’ हा विद्यार्थी शनिवारी-रविवारी स्वतःच असे कार्यक्रम करतो, हे मला मागाहून कळले. त्या वेळी मी त्याचे म्हणणे मान्य केले आणि पुढच्या मुद्द्याकडे वळलो. ते मान्य करण्यात माझी चूक झाली असे आता वाटते. आणि ही चूक ध्यानी आली ती त्याच विद्यार्थ्याने आग्रहाने दाखविलेल्या एका इंग्रज हास्यकलावंताच्या कार्यक्रमांमुळे.

स्ट्युअर्ट ली हे नाव मराठी वाचकांना फारसे परिचित नसेल. १९६८ साली जन्मलेले, बर्मिंगहॅमनजीकच्या सॉलिहल येथे वाढलेले आणि ऑक्सफर्डमध्ये इंग्रजी वाङ्मयाचे शिक्षण घेतलेले हे गृहस्थ, मधली काही वर्षे वगळता, गेली तीन दशकांहून अधिक काळ एकट्याने रंगमंचावर उभे राहून बोलत आले आहेत. आपल्याकडील एकपात्री प्रयोगाशी या प्रकाराचे दुरून नाते आहे, परंतु पु. ल. देशपांडे यांच्या ‘बटाट्याची चाळ’मध्ये ज्याप्रमाणे एकामागून एक व्यक्तिरेखा उभ्या राहतात, तसे येथे काही नसते. कलावंत स्वतःच्या नावाने आणि स्वतःचीच मते म्हणून बोलतो. ली यांची रीत या चौकटीतही विलक्षण आहे. ते एखादे वाक्य उच्चारतात, तेच पुन्हा उच्चारतात, दहाव्यांदा उच्चारतात. आरंभी हसलेले प्रेक्षक पाचव्या वेळी अस्वस्थ होतात आणि बाराव्या वेळी, का ते न कळता, पुन्हा हसू लागतात. मध्येच विनोद थांबवून तो कसा रचला आहे हे ते समजावून सांगतात. सभागृहाच्या एका बाजूस विनोद कळतो आणि दुसऱ्या बाजूस कळत नाही अशी प्रेक्षकांची वाटणी करून त्या दुसऱ्या बाजूची कानउघाडणी करतात. कधी दीर्घ काळ नुसतेच गप्प उभे राहतात. मला त्यांचा प्रत्येक कार्यक्रम आवडतो असे नाही. आपल्या सुजाणपणाचा प्रेक्षकांना अभिमान वाटावा, अशी एक सोय त्यांच्या विनोदात असते आणि ती मला खटकते.

तथापि जेव्हा ही रीत साधते तेव्हा ती काय करू शकते, याचे एक उदाहरण देतो. १ जानेवारी २०१४ रोजी बल्गेरिया व रुमानिया या देशांतील नागरिकांवरील ब्रिटनमधील रोजगारविषयक निर्बंध संपुष्टात आले आणि परक्यांच्या लोंढ्याची ओरड सुरू झाली. त्याच वर्षी बीबीसीवरील आपल्या मालिकेत ली यांनी या ओरडीचेच सोंग घेतले. आधी बल्गेरियन लोकांविरुद्धची तक्रार. मग तीच तक्रार काही वर्षे मागे जाऊन पोलिश लोकांविरुद्ध. मग आणखी मागे, भारत-पाकिस्तानातून आलेल्यांविरुद्ध. मग सतराव्या शतकातील फ्रेंच प्रॉटेस्टंट निर्वासितांविरुद्ध, मग खुद्द अँग्लो-सॅक्सनांविरुद्ध, आणि शेवटी समुद्रातून जमिनीवर प्रथम आलेल्या माशाविरुद्ध! शब्द तेच, चाल तीच, चीड तीच. कोणताही युक्तिवाद न करता, केवळ पुनरुक्तीच्या बळावर, एका राजकीय भूमिकेतील हवा काढून घेतली जाते. भूमिपुत्रांच्या हक्कांवर पाच-सहा दशके चर्चा करीत आलेल्या मुंबईकराला तो भाग पाहताना हसू येईल आणि थोडे अवघडल्यासारखेही होईल.

प्रश्न असा आहे की, हे कसब हाती येईपर्यंतचा खर्च कोण करतो? माझ्या विद्यार्थ्याने एका संध्याकाळच्या प्रयोगाचा खर्च मोजला होता. तो खरोखरच नगण्य आहे. परंतु नेहमीचा विनोद सांगणारा कलावंत दोन-चार वर्षांत तयार होतो असे मानले, तर नवी रीत शोधणाऱ्याला दहा-पंधरा वर्षे लागतात. आणि त्या वर्षांतील बहुसंख्य रात्री त्याला हशा मिळत नाही, म्हणजेच बाजाराच्या भाषेत त्याच्या मालाला उठाव नसतो. या काळात त्याने जेवावयाचे कसे, राहावयाचे कोठे? आपल्या जुन्या भाषेत यास उमेदवारी म्हणतात. सुताराच्या वा वकिलाच्या उमेदवारीचा खर्च त्याचा उस्ताद, ज्येष्ठ वकील किंवा बाप करतो. विदूषकाच्या उमेदवारीचा खर्च करणारा कोणी ठरलेला नसतो.

ब्रिटनमध्ये तो कोणी केला, हे पाहण्यासाठी १९७९ सालाकडे जावे लागते. त्या वर्षी ४ मे रोजी मार्गारेट थॅचर पंतप्रधान झाल्या आणि त्यानंतर पंधरा-सोळा दिवसांतच लंडनच्या सोहो भागात, विवस्त्र नृत्याच्या एका क्लबाच्या वरच्या मजल्यावर ‘कॉमेडी स्टोअर’ नावाची जागा सुरू झाली. तिचे एक संस्थापक पीटर रोझेनगार्ड हे आयुर्विम्याचे विक्रेते होते, ही बाब अर्थशास्त्राच्या अध्यापकाला सोडून देववत नाही. तेथे येईल त्याला बोलण्यास मुभा होती. मात्र प्रेक्षक कंटाळले की घंटा वाजे आणि वक्त्याला उतरावे लागे. पहिले सूत्रधार ॲलेक्सी सेल हे लिव्हरपूलच्या एका कम्युनिस्ट रेल्वे कर्मचाऱ्याचे चिरंजीव. तोवर ब्रिटिश विनोदाचा मुख्य आखाडा म्हणजे कामगारांचे क्लब, आणि तेथील चलनी नाणे म्हणजे सासू, आयरिश माणूस आणि आशियाई स्थलांतरित. सेल आणि टोनी ॲलन यांच्या पिढीने हे नाणे नाकारले. वंशद्वेष आणि स्त्रीद्वेष यांच्या आधारावाचून हसवून दाखवू, असा त्यांचा पण होता. ‘पर्यायी विनोद’ हे नाव या प्रवाहाला पडले.

या तरुणांचे पोट मात्र तिकिटांवर चालत नव्हते. १९८२ च्या आरंभी ब्रिटनमधील बेकारांची संख्या तीस लाखांवर गेली होती आणि बेकारभत्ता हा लक्षावधी घरांचा आधार झाला होता. त्या भत्त्यावर कसाबसा निर्वाह करीत गिटार वाजवणारे, चित्रे काढणारे, कविता वाचणारे आणि विनोद सांगणारे हजारो तरुण त्या दशकात होते. पुढे १९८३ मध्ये थॅचर सरकारने ‘एंटरप्राइज अलाउन्स स्कीम’ देशभर लागू केली. ज्या बेकाराजवळ हजार पौंड आहेत आणि ज्याला स्वतःचा धंदा काढावयाचा आहे, त्याला वर्षभर आठवड्याला चाळीस पौंड. सरकारच्या डोळ्यांसमोर लहान दुकानदार आणि कारागीर होते. बेकारांचा आकडा त्यायोगे कमी दिसेल हाही लाभ होताच, असे टीकाकार म्हणत. हजार पौंड मित्राकडून चार दिवसांपुरते उसने आणून बँकेत दाखवण्याची युक्ती त्या काळी सर्वज्ञात होती. या योजनेतून स्वतंत्र ध्वनिमुद्रिका कंपन्या निघाल्या, नियतकालिके निघाली आणि हास्यकलावंतही निघाले. ज्या पंतप्रधानांची रोज रात्री टर उडवावयाची, त्यांच्याच खजिन्यातून आठवड्याचे चाळीस पौंड घ्यावयाचे, असा हा व्यवहार होता. त्याला लबाडी म्हणावे की लोकशाहीची श्रीमंती, हे वाचकांनी ठरवावे. माझा कौल दुसऱ्या बाजूस आहे.

दुसरा आश्रयदाता म्हणजे केन लिव्हिंगस्टन यांच्या नेतृत्वाखालील ग्रेटर लंडन कौन्सिल. १९८१ पासून तिने उत्सव, जलसे आणि छोट्या नाट्यसंस्था यांवर मोकळ्या हाताने खर्च केला. १९८६ च्या मार्चअखेर ती संस्थाच केंद्र सरकारने कायद्याने बरखास्त केली. तिसरा आश्रय शिक्षणाचा. ली १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात विद्यापीठात शिकले. त्या काळी ब्रिटिश विद्यार्थ्याला शिक्षण शुल्क पदरचे भरावे लागत नसे आणि निर्वाहासाठी उत्पन्नानुसार अनुदान मिळे. शुल्क आकारणी १९९८ मध्ये वर्षाला हजार पौंडांपासून सुरू झाली आणि २०१२ मध्ये तिची कमाल मर्यादा नऊ हजारांवर गेली. डोक्यावर कर्ज नसलेला पदवीधर बारा रात्री अपयशी ठरला तरी तेराव्या रात्री उभा राहू शकतो. कर्जदार पदवीधराला तिसऱ्याच रात्री लोकांना आवडेल ते सांगावे लागते.

येथे आणखी एका माणसाचा उल्लेख करणे अगत्याचे आहे. टेड चिपिंग्टन या नावाने वावरणारा एक कलावंत १९८० च्या दशकात रॉक संगीताच्या मैफिलींपूर्वी रंगमंचावर येई आणि अत्यंत सपाट, निर्विकार स्वरात एकाच साच्याचे विनोद एकामागून एक सांगे. लोक ओरडत, वस्तू फेकत. तो तसाच पुढे बोलत राही. लौकिक अर्थाने त्याची कारकीर्द अल्पकाळाची ठरली. परंतु शाळकरी वयातील ली यांनी बर्मिंगहॅममध्ये त्याला पाहिले आणि हेच आपल्याला करावयाचे आहे असे त्यांनी ठरवले. ही गोष्ट त्यांनी वारंवार सांगितली आहे, आणि पुढे २००७ साली चिपिंग्टन यांच्या साहाय्यार्थ लंडनमध्ये एक मोठा कार्यक्रमही घडवून आणला. या साखळीकडे अर्थशास्त्राच्या दृष्टीने पाहिले तर बाजाराची एक मर्यादा स्पष्ट दिसते. चिपिंग्टन यांच्या प्रयोगाचा लाभ झाला तो त्या रात्री पैसे मोजणाऱ्यांना झालाच नाही. तो झाला वीस-पंचवीस वर्षांनंतर दुसऱ्याच कलावंताच्या प्रेक्षकांना. हा लाभ कोणत्याही तिकिटाच्या किमतीत धरता येत नाही.

ली यांच्या स्वतःच्या कारकिर्दीचा आलेख सरळ चढत गेलेला नाही. १९९० मध्ये हॅकनी एम्पायर या नाट्यगृहाने घेतलेली नवोदितांची स्पर्धा त्यांनी जिंकली; रिचर्ड हेरिंग यांच्यासमवेत त्यांच्या दोन मालिका त्याच दशकात बीबीसीवर झाल्या. परंतु हाच काळ विनोदाच्या औद्योगिकीकरणाचा होता. डिसेंबर १९९३ मध्ये न्यूमन आणि बडील या जोडीने वेंब्ली येथील बंदिस्त क्रीडागारात सुमारे बारा हजार प्रेक्षकांसमोर कार्यक्रम केला, आणि विनोद हा मोठ्या भांडवलाचा धंदा होऊ शकतो हे सर्वांच्या लक्षात आले. बॉमोलच्या पेचातून सुटण्याची ही एक वाट: कलावंत तोच, वेळ तेवढाच, प्रेक्षक तीसपट. ली यांना ही वाट मानवली नाही. खर्च आणि उत्पन्न यांचा मेळ बसेना, उमेदही ओसरली. २००१ च्या सुमारास त्यांनी एकट्याने रंगमंचावर उभे राहणे सोडूनच दिले. वयाच्या तेहतिसाव्या वर्षी ही कारकीर्द संपली असे कोणीही म्हटले असते.

ती पुन्हा सुरू झाली ती आडवाटेने. संगीतकार रिचर्ड थॉमस यांच्यासमवेत लिहिलेले आणि स्वतः दिग्दर्शित केलेले ‘जेरी स्प्रिंगर : दि ऑपेरा’ हे संगीतनाट्य बॅटरसीच्या एका छोट्या कलाकेंद्रात आकाराला आले आणि २००३ मध्ये सरकारी अनुदानावर चालणाऱ्या नॅशनल थिएटरमध्ये पोहोचले. २००४ मध्ये त्याला चार ऑलिव्हिए पारितोषिके मिळाली. जानेवारी २००५ मध्ये बीबीसीने ते दाखवावयाचे ठरवताच पन्नास हजारांहून अधिक तक्रारी दाखल झाल्या. ख्रिस्ती धर्माची विटंबना झाली असे एका कडव्या संघटनेचे म्हणणे होते. धर्मनिंदेचा खासगी खटला भरण्याचा प्रयत्नही झाला. उच्च न्यायालयाने डिसेंबर २००७ मध्ये तो फेटाळला, कारण १९६८ च्या नाट्यगृह कायद्याने व पुढील प्रसारण कायद्याने अशा खटल्याला वावच ठेवला नव्हता. दुसऱ्याच वर्षी इंग्लंड व वेल्समधील धर्मनिंदेचा गुन्हा संसदेने रद्द केला. कायद्याच्या दृष्टीने हा निर्भेळ विजय. परंतु दरम्यान २००६ च्या दौऱ्यातून अनेक नाट्यगृहांनी निदर्शनांच्या भीतीने माघार घेतली आणि आर्थिक घाव बसावयाचा तो बसला. कलावंताला गप्प करण्यासाठी त्याला शिक्षा व्हावीच लागते असे नाही. नाट्यगृहाच्या व्यवस्थापकाला विम्याची आणि बंदोबस्ताची चिंता वाटली म्हणजे पुरे. नाट्यप्रयोगाची संहिता सरकारी मंडळाकडून आधी तपासून घेण्याची ब्रिटिश अमदानीतील रीत ब्रिटनने १९६८ मध्येच टाकून दिली. तिचा वारसा महाराष्ट्राने मात्र पुढेही जपला, हे जाता जाता नमूद करतो.

२००४ मध्ये ली लहान सभागृहांत परतले. २००७ मध्ये एका दूरचित्रवाणी वाहिनीच्या सर्वश्रेष्ठ हास्यकलावंतांच्या यादीत त्यांना एकेचाळिसावा क्रमांक मिळाला, तर तोच आकडा त्यांनी पुढच्या कार्यक्रमाचे शीर्षक म्हणून मिरवला. २००९ ते २०१६ या काळात बीबीसीने त्यांना चार मालिका, एकूण चोवीस भाग दिले. प्रत्येक अर्ध्या तासात एकच विषय, एकच माणूस. २०१२ मध्ये त्यास बाफ्टा पारितोषिक लाभले. जाहिरातीवर चालणाऱ्या वाहिनीने दहा मिनिटे एकच वाक्य घोळवणाऱ्या माणसाला चार मालिका दिल्या असत्या काय? परवाना शुल्कावर चालणारी संस्थाच हे करू शकली. आणि २०१६ मध्ये तिनेही हात आखडता घेतला. तोवर मात्र ली यांचा स्वतःचा प्रेक्षकवर्ग तयार झाला होता. बारा हजारांच्या क्रीडागारात एक रात्र बोलण्याऐवजी लंडनमधील लेस्टर स्क्वेअर थिएटरसारख्या सुमारे चारशे आसनांच्या सभागृहात ते आठवडेच्या आठवडे प्रयोग करतात. गणित सोपे आहे. बारा हजार प्रेक्षक गाठावयास तेथे तीस रात्री लागतात. उत्पादकतेच्या हिशेबाने हा शुद्ध वेडेपणा. परंतु अस्वस्थ शांतता ही चारशे माणसांत निर्माण करता येते, बारा हजारांत पडद्यावर दाखवता येत नाही. बॉमोलचा पेच अशा रीतीने एकट्या माणसालाही शेवटी गाठतोच.

यावर एक रास्त आक्षेप घेतला जाईल. करदात्याच्या पैशावर लोकांना न हसवणारे विदूषक पोसावयाचे काय? बेकारभत्त्यावर दिवस काढलेल्या बहुसंख्य तरुणांच्या हातून काहीच नावाजण्याजोगे घडले नाही, हे मान्य केले पाहिजे. परंतु भत्त्याचा मोठा गुण हाच की, तो कोणाची निवड करीत नाही. अनुदान समितीसमोर चिपिंग्टन आले असते, तर त्यांना रिकाम्या हाताने परत पाठवणे हे समितीचे कर्तव्यच ठरले असते. समित्या कालच्या यशाला ओळखतात. उद्याचे यश आज अपयशासारखे दिसते, आणि त्याला वेळ देण्याचे काम निवड न करणारी आंधळी व्यवस्थाच करू शकते. ही व्यवस्था आक्रसत गेली की उमेदवारीचा खर्च पुन्हा बापाकडे येतो. एडिंबरोच्या ‘फ्रिंज’ महोत्सवाचे उदाहरण पाहावे. १९४७ मध्ये निमंत्रण नसताना आलेल्या आठ नाटकमंडळ्यांनी सुरू केलेला हा उपक्रम आज सभागृहाचे भाडे आणि ऑगस्ट महिन्यातील घरभाडे मिळून असा झाला आहे की, पुष्कळ नवोदितांना तेथे एक महिना खेळ करून कर्ज घेऊनच परतावे लागते. ज्याच्या घरी पैसा आहे तो पुढच्या वर्षीही जातो. बीबीसीचे परवाना शुल्क २०२२ पासून दोन वर्षे गोठवले गेले होते आणि तिच्या विद्यमान सनदेची मुदत ३१ डिसेंबर २०२७ ही आहे. त्यापुढे तिचा खर्च कसा भागवावयाचा या वादात वृत्तविभागाची चर्चा पुष्कळ होते. चोवीस भागांच्या अशा मालिकेचा विचार कोणाच्या मनात येतो की नाही, शंका आहे.

लंडनच्या ‘कॉमेडी स्टोअर’ची शाखा २०१० मध्ये मुंबईत निघाली होती, परळच्या फिनिक्स मिलच्या जागेवरील विक्रीसंकुलात. ज्या गिरणगावात अण्णा भाऊ साठे आणि अमर शेख यांची लोकनाट्ये कामगारांच्या गर्दीत रंगत, तेथेच हे सभागृह उभे राहिले. पुढे त्याचे नाव बदलले. परंतु त्या रोपातून आज हिंदी, इंग्रजी आणि मराठीतही मोठा व्यवसाय उभा आहे. आपण माईक आणला, तिकीट आणले. माईकमागे उभा असलेला बेकारभत्ता, मोफत विद्यापीठ आणि सार्वजनिक प्रसारण ही आयात होण्यासारखी नव्हतीच. आपल्याकडे ते काम आजवर दुसऱ्याच कोणी केले आहे. अमोल पालेकर बँक ऑफ इंडियात नोकरीस होते. सतीश आळेकर पुण्याच्या बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात जीवरसायनशास्त्र शिकवीत. दादरच्या छबिलदास शाळेच्या सभागृहात ज्यांनी मराठी प्रायोगिक रंगभूमी जगवली, त्यांपैकी कित्येकांचा महिन्याचा पगार बँकेतून, सचिवालयातून वा महाविद्यालयातून येत असे. सायंकाळी वेळेवर सुटणारी, निवृत्तिवेतन असलेली कारकुनी नोकरी हाच आपला न जाहीर झालेला कलाविभाग होता. त्या नोकऱ्यांची जागा आता कंत्राटी नेमणुकांनी घेतली आहे, आणि कंत्राटी कर्मचारी संध्याकाळी साडेपाचला उठू शकत नाही.

माझ्या विद्यार्थ्याला मी पुढच्या तासाला माझी चूक सांगितली. त्याने शांतपणे ऐकून घेतले. त्याचे वडील एका पतपेढीत लेखनिक आहेत आणि या वर्षाअखेर निवृत्त होतील. त्याने बँकेच्या परीक्षेचा अर्ज भरला आहे, असे तो म्हणाला. दुसरा आणि चौथा शनिवार सुटीचा असतो, याची चौकशी त्याने आधीच करून ठेवली होती.